कणकेतला कोळसा

८ फेब्रुवारी २०२४

इरू,

पाकिटावरचं अक्षर ओळखून पत्र फाडू नकोस. फाडायचंच असेल तर वाचून फाड. सहा वर्षांत तू माझा एकही फोन उचलला नाहीस. पाहुण्यांनी, म्हणजे तुझ्या मालकांनी, दोनदा उचलला आणि दोन्ही वेळा राँग नंबर म्हणाले, आवाज ओळखूनसुद्धा. म्हणून हे पत्र. ईटला जाऊन पाकिटं आणली, चांगली सहा आणली. एकानं भागणार नाही हे मला माहीत आहे.

परवा मंगळवारी हायकोर्टाचा निकाल लागला. संभाजीनगरला मी आदल्या दिवशीच जाऊन राहिले होते, उशीर नको म्हणून. सात वर्षं ज्या रिटवर जीव टांगून बसले, ते दहा मिनिटांत संपलं. न्यायाधीश रागावले नाहीत, ओरडले नाहीत. ओरडले असते तर बरं वाटलं असतं. काय झालं ते मला बाहेर व्हरांड्यात प्रतीक्षानं समजावून सांगितलं. ही माझी वकील, परंड्याची पोरगी आहे, तिशीचीसुद्धा नसेल. आधीचे वकील वारले, त्यांची प्रकरणं हिच्याकडं आली, त्यात मी.

ती म्हणाली, मावशी, सरकारी माणसानं कायदा सोडून काम केलं का, एवढंच हायकोर्ट रिटमध्ये बघतं. जागा कुणाची, हे ते तिथं बसून ठरवत नाही. पंचायतीच्या नमुना आठला तुमच्या चुलतभावाचं, गौरीशंकरचं नाव लागलं काय, तुमचं लागलं काय, ती घरपट्टी कुणी भरायची एवढ्यापुरती नोंद. तिनं तो मालक होत नाही आणि तुम्हीही होत नाही. दोन घरांतला मालकीचा वाद आहे, त्याला साक्षीदार उभे करावे लागतात, त्यांना उलटसुलट विचारावं लागतं. ते काम दिवाणी कोर्टाचं. भूमला जा म्हणालेत.

म्हणजे मी सात वर्षं चुकीच्या दारात बसले होते. ज्या दारात न्याय मिळणारच नव्हता तिथं ताटकळत बसले आणि वर गावात मिरवलं, माझी केस हायकोर्टात आहे म्हणून.

आता ऐक. सहा आठवडे खव्याची भट्टी आहे तशी ठेवायची, कुणी हात लावायचा नाही, असं कोर्टानं सांगितलंय. १९ मार्चला ते संपतं. तोवर दावा घातला नाही तर गौरीशंकर भट्टी पाडणार. त्याच्या पोरांना तिथं गाळे काढायचेत. भट्टीमागची खोली माझं घर आहे, ते तुला माहीत आहे. मला दुसरं छप्पर नाही.

दाव्यात तुझी साक्ष लागेल. वाटणी झाली त्या दिवसाचं सांगणारं आता तुझ्याशिवाय कुणी उरलं नाही. अप्पा गेले, अव्वा गेली, महांतप्पा काका गेले, मठातले स्वामी गेले. तू ये. आळंदहून एक दिवसाचं काम आहे. आमच्या रिटच्या कागदात एक-दोन चुका राहिल्या होत्या, टायपिंगवाल्याच्या. त्या मी दुरुस्त करून घेईन. तू ते मनावर घेऊ नकोस.

अक्का


१७ फेब्रुवारी २०२४

इरू,

पोचपावती आली. त्यावर तुझी कानडीत सही आहे. ती सही बघून मला आधी आनंद झाला आणि मग राग आला. पत्र घेतलंस, मग दोन ओळी लिहायला काय झालं होतं? तुला राग आहे हे कबूल. पण माझ्या घरावर पाणी पडतंय आणि तू तिकडं मौन धरून बसलीस.

प्रतीक्षा म्हणते, त्यांना सगळं पहिल्यापासून सांगा, लहान होत्या त्या. म्हणून सांगते.

अप्पा आणि काका वेगळे झाले १९७५ ला. शेत बांध घालून निम्मंनिम्मं झालं, त्यात भांडण नव्हतं. दोन जागा तेवढ्या अशा होत्या की निम्म्या करता येईनात. एक भट्टीची जागा आणि एक स्टँडजवळची मोकळी जागा. मग मठात स्वामींसमोर बसून आपल्यात करतात तसं केलं. अव्वानं कणकेचे दोन गोळे केले. एकात कोळशाचा खडा घातला, ती भट्टी. दुसऱ्यात ज्वारीचा दाणा, ती मोकळी जागा. आणि उचलायला घरातली सगळ्यात लहान मुलगी, म्हणजे तू. सहा वर्षांची होतीस.

रीत अशी की पहिला गोळा धाकट्या भावाचा, दुसरा थोरल्याचा. काका धाकटे. आता तुला आठवत असेल. पहिला गोळा उचलून तू काकांच्या हातात दिलास. दुसरा उचललास आणि हातात द्यायचं सोडून तोंडात घातलास, भूक लागली होती म्हणून. कचकन चावलीस तर कोळसा. दात काळे, ओठ काळे, लाळ काळी. सगळा मठ हसला. अव्वानं पदरानं तोंड पुसलं तुझं. म्हणजे दुसरा गोळा कोळशाचा, म्हणजे भट्टी थोरल्याची, अप्पांची. त्यावर अप्पांनी चाळीस वर्षं खवा आटवला. लिहिलं-पुसलं काही नाही, पण गावात कुणाला शंका नव्हती.

आता गौरीशंकर काय म्हणतो बघ. काकांचा हा एकुलता एक मुलगा, तुझ्याहून दोन वर्षांनी लहान. तो मठात नव्हताच, जेमतेम चार वर्षांचा होता. तो म्हणतो, कोळसा पहिल्या गोळ्यात निघाला. भट्टी काकांच्या वाट्याला आली आणि थोरल्या भावाला धंदा येतो म्हणून काकांनी ती वापरायला दिली. मोकळी जागा अप्पांची होती, ती अप्पांनी विकली, संपला त्यांचा वाटा. विकली हे खरं आहे. तुझ्या लग्नाला विकली, एकोणनव्वदला. खरेदीखतावर दोघा भावांच्या सह्या आहेत, त्यामुळं त्या कागदावरून कुणाची होती ते कळत नाही. मी म्हणते ती काकांची होती, त्यांनी पुतणीच्या लग्नासाठी दिली. तो म्हणतो अप्पांची होती.

सगळं त्या एका गोळ्यावर अडलंय. तू भूमच्या कोर्टात उभी राहून एवढंच सांगायचं: दुसरा गोळा. बाकी काही विचारलं तर आठवत नाही म्हणायचं. दुसरा गोळा, एवढं पाठ करून ठेव. तुला लागेल तेवढा खवा मी पाठवते, पेढे करायला. सगळं विसरून ये.

अक्का


२६ फेब्रुवारी २०२४

इरम्मा,

गौरीशंकर आळंदला येऊन गेला म्हणे. ईटचा एकजण उमरग्याला गेला होता, त्याला तो एसटीत भेटला. चार दिवस झाले ते ऐकून. कढईपुढं बसते आणि दूध तळाला लागतं. सदतीस वर्षांत माझ्या कढईला डाग पडला नव्हता, परवा अख्खी कढई ओतून द्यावी लागली.

तो काय म्हणाला तुला? त्यानं तुला कागद दाखवला असणार. आधीही त्यानंच दाखवला होता. तर आता मीच सांगते, टायपिंगवाल्यावर ढकलून उपयोग नाही. त्या बिचाऱ्यानं मी सांगितलं तेच टाइप केलं.

रिटच्या अर्जाबरोबर मी शपथेवर लिहून दिलं की मयत शरणबसप्पा, म्हणजे आपले अप्पा, यांची मी एकमेव वारस. वंशावळ काढली त्यात अप्पा, अव्वा, त्यांच्या नावापुढं मयत, आणि खाली एक रेघ, त्या रेघेला मी एकटी. तुझ्यासाठी रेघच ओढली नाही. वकील तेव्हा विचारत होते, अजून कुणी आहे का. मी नाही म्हणाले. एवढंच नाही. गोळा कुणी उचलला हेही लिहायचं होतं. तुझं नाव घालावं तर तू आहेस हे दिसणार. म्हणून लिहिलं, गोळा मी उचलला. बारा वर्षांची घोडी मी, घरातली सगळ्यात लहान मुलगी कशी असेन? गौरीशंकरच्या वकिलानं तुझा शाळेचा दाखला लावला, मयत शरणबसप्पांची मुलगी म्हणून. निकालात ते एका वाक्यात आलंय की अर्जदारानं सगळ्या गोष्टी पुढं ठेवल्या नाहीत. एकच वाक्य आहे, पण प्रतीक्षानं ते वाचलं तेव्हा मला व्हरांड्यात मान वर करता येईना.

का केलं, ते सांगते. नवऱ्यानं टाकलं तेव्हा मी चोवीस वर्षांची होते. परत आले आणि त्या दिवसापासून अप्पांच्या शेजारी कढईपुढं बसले. तू नांदायला गेलीस, तुझी लेकरं झाली, तुझं घर झालं. माझे हात बघ कधी, कोपरापर्यंत भाजल्याचे डाग आहेत. अप्पा गेल्यावर तू आलीस आणि म्हणालीस, अक्का, पंचायतीत माझंही नाव लाव. खवा मागितला नव्हतास, पैसा मागितला नव्हतास, नाव लाव एवढंच म्हणाली होतीस. मला ते जिव्हारी लागलं. राबले मी आणि नाव हिचं कसं, असं वाटलं. पुढं बघू म्हणाले. मग रिटची वेळ आली.

रिटच का, तेही सांगून टाकते. पंचायतीतून रिटायर झालेले श्रीमंत भाऊसाहेब आपल्या ओट्यावर बसायला यायचे, ते म्हणाले होते, "उमाबाई, दिवाणीत साक्षीदार लागत्यात, उलटतपासणी हुती, घरातलं सगळं निघतं. रिटात समदं कागदावर. तिथं कुणाला बोलवत न्हाईत." भाऊसाहेबांना वाटलं ते माझे कष्ट वाचवतायत. मी मनात म्हणाले, कुणाला बोलवत नाहीत ना, मग हेच बरं. इरूचं तोंड बघायला नको, तिच्या पाया पडायला नको. मला वरच्या कोर्टाचा मोह नव्हता गं. मला तुझी गरज लागणार नाही असं कोर्ट हवं होतं. आणि त्याच कोर्टानं सांगितलं की माणूस उभा केल्याशिवाय हे ठरणार नाही.

तुझा तो शेवटचा फोन मी विसरले नाही. गौरीशंकरनं कागद दाखवल्यावर केला होतास. एकच वाक्य बोललीस, "अक्का, म्या जित्ती हाय का न्हाय तेवडं सांग." मी फोन ठेवला. तुला वाटलं असेल रागानं ठेवला. लाजेनं ठेवला होता, पण तिकडून ते कसं कळणार.

मला माफ कर असं लिहायला हात वळत नाही, कारण मला तुझ्याकडून काम हवंय आणि कामासाठी मागितलेली माफी कसली. तरी मागते. बावीस दिवस राहिलेत.

उमा


९ मार्च २०२४

इरू,

काल शिवरात्र झाली. आज पारण्याला मी पहिली कढई काकांच्या घरी घेऊन गेले.

तुला आठवतं? अप्पा असेपर्यंत शिवरात्रीच्या दुसऱ्या दिवशी पहिली कढई उतरली की तिचा सगळा खवा केळीच्या पानात बांधून काकांकडं जायचा. दुसरी कढई घरात, मग गिऱ्हाईक. मी अप्पांना विचारायची, धाकट्याच्या घरी थोरल्यानं का द्यायचं, उलटं पाहिजे. अप्पा म्हणायचे, द्यायचं असतं. आणखी काही बोलायचे नाहीत. अप्पा गेल्यावर पहिली शिवरात्र आली आणि मी दिला नाही. हे भट्टीचं भाडं आहे का, असं मोठ्यानं म्हणालेसुद्धा, भट्टीवर दोन माणसं बसली होती त्यांच्यासमोर. ते शब्द त्याच दिवशी काकांच्या घरी पोचले. काका तेव्हा अंथरुणाला खिळलेले होते. त्याच वर्षी गौरीशंकर भट्टीला आपलं नाव लावायला पंचायतीत गेला.

आज दारात उभी राहिले, हातात पान. गौरीशंकर बाहेर आला. त्यानं खवा घेतला, आत जाऊन ठेवला, आणि परत येऊन मला बसा म्हणाला नाही. म्हणाला, "अक्का, ह्यो खवा तुमी नऊ वर्सामागं आणला असता तर म्या पंचायतीत गेलोच नसतो. बाबा मरंपर्यंत इचारत हुते, पारण्याचा खवा आला का म्हून."

मी तिथंच पायरीवर बसले. म्हटलं, मग आता मिटव. तो म्हणाला, आता माझ्या हातात राहिलं नाही, पोरं मोठी झाली, त्यांनी गाळ्यांचं ठरवून ठेवलंय. वाईट बोलला नाही. दोन्ही हात मागं बांधून उभा होता, काकांसारखा. मला वाटलं होतं तो खोटारडा आहे. त्याच्या डोळ्यांत तसं काही दिसेना. त्याला जे सांगितलं गेलं ते तो खरं मानून चाललाय, इतकंच. तुझ्याकडं आला होता ते खरं का विचारलं, तर हो म्हणाला. इरक्कानं चहा दिला, जेवू घातलं आणि केसचं नाव काढू दिलं नाही, असं म्हणाला.

ते ऐकून मी घरी येताना रडले. भर बाजारातून रडत आले, लोक बघत होते. तू त्याला जेवू घातलंस याचा मला राग आला नाही. मला हेवा वाटला.

मी येताना एक हिशेब घालत होते, पैशाचा नव्हे. माझं म्हणणं खरं असेल, म्हणजे भट्टी अप्पांची आणि मोकळी जागा काकांची, तर काकांनी स्वतःची जागा तुझ्या लग्नासाठी विकली आणि त्या बदल्यात अप्पा त्यांना वर्षातून एकदा खवा द्यायचे. आणि त्यांचं म्हणणं खरं असेल, तर काकांनी भट्टी चाळीस वर्षं फुकट वापरू दिली आणि अप्पा त्यांना वर्षातून एकदा खवा द्यायचे. कोणीकडूनही बघ, बंद मी केला.

उमा


१५ मार्च २०२४

इरू,

चार दिवस राहिले. प्रतीक्षा भूमला येऊन दावा लिहून देणार आहे. तिनं अट घातली. म्हणाली, मावशी, खरं असेल तेवढंच लिहीन, नाहीतर दुसरा वकील बघा. मग एकेक गोष्ट विचारत गेली. गोळे कुणी केले, अव्वानं. कुठं, मठात. उचलले कुणी, इरूनं. तुम्ही कुठं बसला होतात?

तिथं मला खरं सांगावं लागलं.

मी मठात नव्हते, इरू. मला गोवर निघाला होता. मी घरात गोधडीखाली पडले होते, दाराला लिंबाचा डहाळा लावला होता. तुम्ही सगळे परत आलात तेव्हा तुझं तोंड काळं होतं आणि अव्वा हसत होती. कोळसा खाल्ला पोरीनं, एवढं मला सांगितलं. पहिला की दुसरा हे कुणी सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही. बारा वर्षांच्या पोरीला काय करायचं होतं त्याचं. पुढं अप्पांना विचारता आलं असतं. सत्तावीस वर्षं रोज त्यांच्या शेजारी कढई घोटत बसले होते. पण प्रत्येक शिवरात्रीला तो खवा काकांकडं जाताना बघायची आणि वाटायचं, नको विचारायला.

प्रतीक्षा म्हणाली, मग तुमचं ऐकीव झालं. कोर्टात जे डोळ्यांनी बघितलं तेच चालतं.

तुला मी दुसऱ्या पत्रात लिहिलं ना, पहिला गोळा तू काकांच्या हातात दिलास म्हणून? ते मी रचलं. इतकी वर्षं सांगत आले की मलाच दिसायला लागलं होतं, तुझा छोटा हात, काकांचा तळवा. खरं तर मला काहीच दिसलेलं नाही. रीतीप्रमाणं पहिला गोळा धाकट्याचा, तू हावरट होतीस, समोर कणीक दिसल्यावर पहिलाच तोंडात घातला असशील असंही होऊ शकतं. तसं असेल तर भट्टी काकांची. मी सात वर्षं हायकोर्टात आणि त्याआधी दोन वर्षं साहेब लोकांपुढं शपथेवर जे सांगितलं, ते खरं आहे की खोटं हे मला माहीत नाही.

म्हणून आधीचं पाठांतर विसरून जा. तुला आठवतं ते सांग. आठवत नसेल तर आठवत नाही म्हण.

या पाकिटात वकीलपत्र आहे. फुलीच्या खुणेवर सही केलीस आणि सोमवारपर्यंत पोचलं तर तू पहिली वादी, मी दुसरी. मी स्पीड पोस्टानं पाठवतेय. तू येणार असशील तर पाठवूही नकोस, हातात घेऊन ये. ईटला उतर, मी स्टँडवर असेन, सकाळपासून प्रत्येक गाडीला.

उमा


१९ मार्च २०२४

इरू,

सोमवारी तुझ्या दिशेच्या सगळ्या गाड्या बघितल्या. कंडक्टर मला ओळखायला लागलेत. संध्याकाळी कुणी उतरलं नाही तेव्हा घरी आले.

आज दावा घातला. वकीलपत्र आलं नव्हतं, त्यामुळं तुला वादी करता आलं नाही. कायद्यात असं आहे की वारस सोबत येत नसेल तर त्याला समोर उभं करावं लागतं, गाळता येत नाही. गाळायचं एकदा करून झालंय माझं. म्हणून तू प्रतिवादी क्रमांक दोन आहेस. पहिला गौरीशंकर. तुला कोर्टातून समन्स येईल, बेलीफ घेऊन येईल. घाबरू नकोस, पाहुण्यांनाही सांग. तुझ्याविरुद्ध काही मागितलेलं नाही. निम्मा हिस्सा तुझा, असं मीच लिहून दिलंय. आधीच्या शपथेतलं काय खोटं होतं तेही लिहिलंय, कलमवार. प्रतीक्षा म्हणाली याचा तुम्हाला त्रास होईल, वरच्या कोर्टात खुलासा द्यावा लागेल. होऊ दे.

भट्टी पाडायला मनाई मिळाली नाही. गौरीशंकरचा वकील हजर होता, त्याचं म्हणणं ऐकायला २८ तारीख दिली. हायकोर्टाचे सहा आठवडे आज संपले. मी भूमहून परत आले तर भट्टीच्या दाराला माझ्या कुलुपाशेजारी दुसरं कुलूप लावलेलं होतं, नवीन, चकचकीत. मागच्या खोलीला लावलेलं नाही, तेवढी त्यानं माणुसकी ठेवली. सदतीस वर्षांत मी गावात असून चूल पेटली नाही असं आज पहिल्यांदा झालं. दूधवाले आले, मी त्यांना परत पाठवलं. मला इथून उठवलं तर मी कुठं जाणार आहे हे मी अजून ठरवलेलं नाही, आणि मला लई भीती वाटतीय, हे तुझ्याशिवाय कुणाला सांगू.

साक्षीची वेळ यायला वेळ लागेल. वर्ष लागेल, दोन लागतील. तोवर मी असेन-नसेन. पण कधीतरी तुला पिंजऱ्यात उभं करून विचारतील, पहिला की दुसरा. तेव्हा माझ्याकडं बघू नकोस. पहिला असेल तर पहिला म्हण. मी माझं कुलूप काढून किल्ली गौरीशंकरच्या हातात देईन आणि शिवी देणार नाही. दुसरा असेल तर निम्मी भट्टी तुझी आणि कढईपुढं बसायला तुझी सून आली तरी मी शिकवेन. काहीही निघालं तरी पारण्याचा खवा काकांच्या घरी जाईल, मग तो विटांची चूल मांडून का आटवावा लागेना.

समन्स नाकारू नकोस. माझं पत्र नाकारलंस तर चालेल, ते नाकारू नकोस. त्याला दाव्याची नक्कल जोडलेली असते. तिसऱ्या पानावर वंशावळ आहे, ती बघ. टाइप करणाऱ्या पोरीला मी शेजारी बसून दोनदा वाचायला लावली. अप्पा मयत, अव्वा मयत. त्यांच्या खाली आता दोन रेघा आहेत. एका रेघेला मी. दुसरीला लिहिलंय, इरम्मा, वय पंचावन्न, वादीची सख्खी बहीण, हयात.

उमा